शब्दांची अदलाबदल

एखादा मजकूर घ्यावा, त्यातील शब्द काढून तेथे समानार्थी शब्द बसवावेत आणि नवे लेखन सिद्ध झाले असे मानावे, ही खटपट फार जुनी आहे. विद्यार्थी निबंधात ती करतो, अधिकारी टिपणीत करतो. आता तर यंत्रेही ती क्षणार्धात करतात. श्रोतेहो, या अदलाबदलीत काय साधते आणि काय हरवते, याचा आज थोडा विचार करू.

कोलकात्याच्या बालीगंज भागात ब्राइट स्ट्रीट नावाचा रस्ता आहे. तेथे राहणाऱ्या प्रमथ चौधुरी यांनी १९१४ साली ‘सबुजपत्र’ हे मासिक सुरू केले. त्या काळी बंगाली माणूस ‘करछि’ बोले आणि ‘करितेछि’ लिही; तोंडात ‘तार’ आणि कागदावर ‘ताहार’. अर्थ तोच, रूप मात्र निराळे. चौधुरींनी बोलण्यातली रूपे लेखनात आणली. रवींद्रनाथांची ‘घरे बाइरे’ ही कादंबरी याच मासिकात, याच चलित भाषेत क्रमशः प्रसिद्ध झाली. येथे अदलाबदल यशस्वी झाली, कारण नवी रूपे कोशातून आली नव्हती. ती लोकांच्या जिभेवर आधीच नांदत होती.

आपल्याकडचा प्रवाह पुष्कळदा उलट दिशेने वाहिला. छत्रपती शिवाजी महाराजांच्या आज्ञेने झालेल्या ‘राजव्यवहारकोशा’त सुमारे चौदाशे संज्ञांना संस्कृत प्रतिशब्द दिले गेले. राज्याच्या भाषेला स्वत्व देणारा तो थोर उद्योग होता. तरीही ‘जमीन’, ‘हुकूम’, ‘अर्ज’ हे शब्द घरचेच होऊन राहिले. विसाव्या शतकात सावरकरांनी भाषाशुद्धीची चळवळ उभारली. १९२५ साली फारसी-मराठी कोश सिद्ध करणाऱ्या माधव जूलियनांनीच १९३८ साली ‘भाषाशुद्धि-विवेक’ लिहिला. या चळवळीतला ‘महापौर’ मराठीत सहज रुळला. ‘दिनांक’ही कागदावर स्थिरावला, पण न्यायालयात पक्षकाराला अजून ‘तारीख’च मिळते. शब्द एका अर्थाचे असले, तरी एका कामाचे नसतात.

मराठीतच पाहा. ‘पाणी’ आणि ‘जल’ यांचा अर्थ एक. पण शत्रूला पाणी पाजता येते, जल पाजता येत नाही. भाषा बदलली की फसगत अधिकच होते. मराठी ‘अभिमान’ ताठ मानेने उभा असतो. बंगाली ‘अभिमान’ जिवलग माणसावर रुसून बसतो. मराठी ‘शिक्षा’ गुन्हेगाराला होते. बंगाली ‘शिक्षा’ शाळेत मिळते. अक्षरे तीच ठेवूनही अर्थ हातचा जातो, मग अक्षरे बदलल्यावर तो जपायला किती सावधपण हवे!

सरकारी लेखनात तर हा प्रश्न केवळ शैलीचा राहत नाही. ‘थकबाकी भरली नाही तर जमीन जप्त होईल’ हे वाक्य शेतकऱ्याला कळते. ‘अवशिष्ट देय राशीचा भरणा न झाल्यास भूमी अधिग्रहणास पात्र ठरेल’ असे लिहिले, तर मजकूर भारदस्त दिसेल. पण मुदत टळून जाईल आणि शेत जाईल. शिवाय ‘जप्ती’ आणि ‘अधिग्रहण’ या कायद्यात दोन निराळ्या गोष्टी आहेत. म्हणूनच कायद्याचा मसुदा करणारा माणूस एका गोष्टीला शेवटपर्यंत एकच शब्द वापरतो. एका कलमात ‘मालक’ आणि दुसऱ्यात ‘स्वामी’ लिहिले, तर वकील विचारणारच, की ही माणसे दोन आहेत काय? निबंधात जी पुनरुक्ती दोष ठरते, तीच येथे गुण होते.

मग शब्द बदलूच नयेत काय? अवश्य बदलावेत. मात्र बदलण्यापूर्वी एक प्रश्न स्वतःला विचारावा : या बदलाने वाचणाऱ्याची वाट सोपी होते, की लिहिणाऱ्याची प्रतिष्ठा वाढते? पहिले उत्तर येत असेल, तर जुना शब्द निःशंक सोडावा. दुसरे येत असेल, तर तो आहे तेथेच सुखाने राहू द्यावा.