सहाय्यक भूमिकेचे सामर्थ्य : रीमा लागू यांचा अभिनय

ज्याच्या इच्छेने कथानक पुढे सरकते तो नायक असे मानले, तर त्या इच्छेची किंमत ज्यांच्या चेहऱ्यावर प्रेक्षकाला दिसते त्या कलावंतांना चित्रपटव्यवसायात सहाय्यक किंवा चरित्र अभिनेते म्हटले जाते. नायकाने घर सोडले ही घटना पटकथेत एका ओळीची असते. पण त्या घरात मागे राहिलेली व्यक्ती पोकळ वाटली, तर नायकाच्या जाण्यालाही काही अर्थ उरत नाही. म्हणूनच या भूमिकांना प्रमुख भूमिकेइतकीच तयारी लागते, मात्र ती दाखवण्यासाठी पडद्यावरचा फार थोडा वेळ मिळतो. रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या तिन्ही माध्यमांत सुमारे चार दशके वावरलेल्या रीमा लागू यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यासण्याजोगी आहे, कारण हिंदी चित्रपटाने त्यांना अफाट लोकप्रियता दिली तरी त्यांच्या सामर्थ्याचा एकच भाग वापरला, आणि उरलेले सामर्थ्य पाहायचे तर मराठी नाटकाकडे व मालिकांकडे वळावे लागते.

21 जून 1958 रोजी जन्मलेल्या रीमा यांचे माहेरचे नाव नयन भडभडे. त्यांच्या आई मंदाकिनी भडभडे या मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री असून वसंत कानेटकरांच्या ‘लेकुरे उदंड जाली’ या नाटकातील भूमिकेमुळे परिचित होत्या. पुण्याच्या हुजूरपागा शाळेत शिकत असतानाच नयन यांची अभिनयाची आवड लक्षात येऊ लागली होती. पुढे मुंबईत त्यांनी युनियन बँकेत नोकरी केली. मुंबईच्या मराठी कलावंतांच्या अनेक पिढ्या दिवसा बँकेत, विमा कार्यालयात किंवा सरकारी कचेरीत काम करून संध्याकाळी तालमीला जात, आणि आंतरबँक नाट्यस्पर्धा हे त्यांच्या उमेदवारीचे एक महत्त्वाचे ठिकाण असे. बँकेतील सहकारी आणि रंगकर्मी विवेक लागू यांच्याशी विवाह झाल्यावर त्या रीमा लागू या नावाने ओळखल्या जाऊ लागल्या. पगाराची नोकरी हाताशी असल्याने नाटक निवडताना केवळ पैशाचा विचार करावा लागत नाही, ही त्या काळच्या मराठी रंगभूमीला लाभलेली मोठी सोय होती, आणि तिचे मोल आजही पुरेसे ओळखले गेलेले नाही.

त्यांच्या रंगभूमीवरील कामात जयवंत दळवी यांचे ‘पुरुष’ हे नाटक विशेष महत्त्वाचे आहे. विजया मेहता यांनी दिग्दर्शित केलेल्या या नाटकात नाना पाटेकर यांनी सत्तेने माजलेला गुलाबराव रंगवला होता, तर त्याच्या अत्याचाराला बळी पडून अखेर स्वतःच त्याला शिक्षा देणारी शिक्षिका अंबिका रीमा लागू यांनी उभी केली. अंबिकेची भूमिका अवघड आहे ती एवढ्यासाठी की तिची दया येऊन चालत नाही. प्रेक्षकाला तिचा निर्णय पटावा लागतो, आणि तो पटण्याइतका संताप आवाज न चढवताही साठवून ठेवावा लागतो. शेखर ताम्हाणे यांच्या ‘सविता दामोदर परांजपे’ या नाटकात त्यांच्यापुढे वेगळीच कसोटी होती. एका गृहिणीच्या शरीरात मृत स्त्रीचा संचार होतो अशी कल्पना असलेल्या या नाटकात एकाच देहातून दोन व्यक्ती, कोणत्याही तांत्रिक करामतीचा आधार न घेता, केवळ चाल, नजर आणि स्वराची पट्टी बदलून दाखवायच्या होत्या. ज्यांनी त्यांना केवळ हिंदी चित्रपटातील हसतमुख आई म्हणून पाहिले, त्यांना त्यांच्या अभिनयाच्या या अंगाची कल्पना येणे कठीण आहे.

चित्रपटातील त्यांचा आरंभही आईच्या भूमिकांनी झालेला नाही. जब्बार पटेल यांचा ‘सिंहासन’ (1979), गोविंद निहलानी यांचा ‘आक्रोश’ (1980) आणि श्याम बेनेगल यांचा ‘कलयुग’ (1981) या त्या काळच्या समांतर, म्हणजे व्यावसायिक मसाल्यापासून दूर राहून सामाजिक वास्तव मांडू पाहणाऱ्या चित्रपटांत त्यांनी लहान भूमिका केल्या. अरुणाराजे यांच्या ‘रिहाई’मध्ये पुरुष शहरात कामाला गेल्यामुळे मागे राहिलेल्या गावातील स्त्रियांपैकी एक त्यांनी रंगवली. या वाटेने त्या प्रौढ स्त्रीच्या गुंतागुंतीच्या भूमिकांकडे गेल्या असत्या असे मानायला जागा आहे.

1988 मध्ये मात्र दिशा बदलली. मन्सूर खान यांच्या ‘कयामत से कयामत तक’मध्ये त्या जुही चावला यांच्या आई झाल्या, तेव्हा त्यांची स्वतःची तिशीही पूर्ण झालेली नव्हती आणि पडद्यावरील मुलीपेक्षा त्या अवघ्या नऊ वर्षांनी मोठ्या होत्या. पुढच्याच वर्षअखेरीस सूरज बडजात्या यांचा ‘मैंने प्यार किया’ आला. त्यात सलमान खान यांच्या आईचे, कौशल्येचे, काम त्यांनी केले, आणि तेथे वयातले अंतर सात वर्षांचे होते. या निवडीमागे व्यवसायाचा एक सरळ हिशेब होता. मारधाडीच्या चित्रपटांनंतर कोवळ्या प्रेमकथांची लाट येत होती, नायक विशीतले होते, आणि कथा सुखवस्तू घरांत घडत होत्या. निरूपा रॉय यांनी लोकप्रिय केलेली, दारिद्र्याने पिचलेली, मुलाच्या सूडाला कारण ठरणारी आई या घरांत शोभली नसती. मुलाशी मैत्रिणीसारखी बोलणारी, त्याचे प्रेम सर्वांआधी ओळखणारी आणि नवऱ्याच्या हट्टापुढे शांतपणे उभी राहणारी आई हवी होती. रीमा लागू यांनी ती इतकी विश्वसनीय केली की पुढची दहा वर्षे निर्मात्यांना दुसरे नाव सुचले नाही. ‘आशिकी’, ‘साजन’, ‘हम आपके हैं कौन’, ‘कुछ कुछ होता है’ अशी ही रांग आहे. नायिका पस्तिशीनंतर पडद्यावरून दूर होते आणि नायक पन्नाशीतही प्रेम करतो, या विषम व्यवस्थेत तिशीतल्या एका समर्थ अभिनेत्रीला थेट आई केले गेले, ही गोष्ट तिच्या यशामुळे अन्यायाची ठरत नाही असे म्हणता येणार नाही.

तरीही या साच्याच्या आत त्यांनी जे केले ते बारकाईने पाहण्यासारखे आहे. चित्रपटात संवाद बोलणाऱ्यावरून कॅमेरा ऐकणाऱ्याकडे नेला जातो, त्याला प्रतिक्रियेचा शॉट म्हणतात, आणि सहाय्यक कलावंताचे बरेचसे काम याच ठिकाणी होते. रीमा लागू यांच्या अशा शॉटमध्ये चेहरा समोरच्याचे वाक्य संपण्याची वाट पाहत नाही. वाक्याच्या मध्यावरच डोळ्यांत समज येते आणि ओठ ती लपवू पाहतात. मुलाचे खोटे आईला आधीच कळले आहे आणि तिने ते माफही केले आहे, एवढे सारे त्या एका क्षणात पोचते.

1999 हे वर्ष या दृष्टीने सर्वांत बोलके आहे, कारण एकाच वर्षी त्यांच्या दोन परस्परविरोधी माता पडद्यावर आल्या. ‘हम साथ साथ हैं’मधील ममता मैत्रिणींच्या कानभरणीने सावत्र मुलाला घरातून दूर करते, कैकेयीच्या कथेचा आधार असलेल्या या पात्रात त्यांनी दुष्टपणापेक्षा भीती अधिक दाखवली. महेश मांजरेकर यांच्या ‘वास्तव’मधील शांता मात्र भारतीय चित्रपटातील मातांच्या परंपरेत स्वतंत्र जागा मागते. मुंबईच्या निम्नमध्यमवर्गीय मराठी घरातील ही बाई, पावभाजीची गाडी टाकणाऱ्या मुलाला टोळीयुद्धात ओढला जाताना पाहते, आणि शेवटी पोलिसांपासून पळून, भेदरून, मृत्यूची याचना करणाऱ्या त्या रघूला स्वतःच्या हाताने गोळी घालते. चित्रपटाचा आरंभच रघूच्या वर्षश्राद्धाने होतो आणि नातवाच्या प्रश्नाला उत्तर देत तीच ही कथा सांगते, त्यामुळे श्रेयनामावलीत सहाय्यक असलेली ही स्त्री रचनेच्या दृष्टीने कथेची धनीण आहे. पन्नास तोळ्यांची साखळी अभिमानाने दाखवणाऱ्या मुलासमोर तिच्या चेहऱ्यावर कौतुक, धास्ती आणि लाज एकाच वेळी येतात, आणि शेवटच्या प्रसंगाची पायाभरणी तेथेच होते.

येथे ‘मदर इंडिया’ची (1957) आठवण अपरिहार्य आहे. त्या चित्रपटात नर्गिस यांनी रंगवलेली राधा आपल्या बंडखोर मुलाला, म्हणजे सुनील दत्त यांच्या बिरजूला, गोळी घालते. नर्गिस आणि सुनील दत्त दोघांचाही जन्म 1929 मधला. ‘वास्तव’मध्ये त्याच दांपत्याचे पुत्र संजय दत्त यांच्यावर रीमा लागू पिस्तूल रोखतात, आणि त्यांच्यातील वयाचे अंतरही जेमतेम एका वर्षाचे आहे. मात्र राधेची गोळी गावाच्या अब्रूसाठी सुटते, तर शांतेची गोळी मुलाची तडफड थांबवण्यासाठी. बेचाळीस वर्षांत आईच्या हातातील शस्त्राचा अर्थ न्यायाकडून करुणेकडे सरकला, आणि तो सरकलेला अर्थ पेलण्यासाठी अंबिकेची भूमिका केलेल्या अभिनेत्रीची गरज होती. शांतेच्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचे नामांकन मिळाले. ‘मैंने प्यार किया’, ‘आशिकी’ आणि ‘हम आपके हैं कौन’ धरून त्यांची अशी चार नामांकने झाली, पुरस्कार एकदाही मिळाला नाही.

दूरचित्रवाणीने त्यांना चित्रपटाने नाकारलेली गोष्ट दिली, ती म्हणजे विनोद. 1985 मधील ‘खानदान’ या दूरदर्शन मालिकेपासून त्या या माध्यमात होत्या, पण खरी ओळख झाली ती 1994 मध्ये सुरू झालेल्या ‘श्रीमान श्रीमती’मुळे. ठरावीक पात्रे, ठरावीक घर आणि दर भागात नवा घोटाळा अशी बांधणी असलेल्या या मालिकेत शेजारणीवर भाळलेल्या केशव कुलकर्णीची पत्नी कोकिळा त्यांनी केली. केशव झालेल्या जतीन कनाकिया यांच्या धांदलीपुढे त्यांचा संथ, सरळ सूर विनोदाला टेकू देत असे. सचिन पिळगावकर दिग्दर्शित ‘तू तू मैं मैं’मध्ये सुप्रिया पिळगावकर यांच्यासमोर त्या देवकी ही सासू झाल्या. येथे त्या सहाय्यक राहिल्या नाहीत, कारण मालिकेचे इंजिनच सासू-सुनेच्या तोडीस तोड भांडणावर चालत होते. हिंदी चित्रपटातील आई कधी रागावत नाही, चिडत नाही, कुरघोडी करत नाही. देवकीने हे सारे मनसोक्त केले आणि तरीही ती प्रेक्षकांची लाडकी राहिली.

उत्तरकाळात मराठीत ‘तुझं माझं जमेना’ ही मालिका, गजेंद्र अहिरे यांचा ‘अनुमती’ आणि ‘जाऊ द्या ना बाळासाहेब’सारखे चित्रपट त्यांनी केले. स्टार प्लसवरील ‘नामकरण’ (2016) या मालिकेत दयावंती मेहता ही कठोर, कारस्थानी वृद्धा साकारताना त्यांनी लोकांनी वर्षानुवर्षे जपलेली आपली माऊलीची प्रतिमा जाणीवपूर्वक मोडली. दैनंदिन मालिका आठवड्यातील बहुतेक दिवस प्रसारित होते आणि भागांचा साठा थोडा असतो, म्हणून कलावंताला जवळजवळ रोज सेटवर उभे राहावे लागते. रीमा लागू आदल्या दिवसापर्यंत चित्रीकरण करत होत्या. 18 मे 2017 रोजी हृदयविकाराच्या झटक्याने मुंबईत त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांचे वय 58 होते. मालिका चालूच होती, त्यामुळे दयावंतीची भूमिका पुढे रागिणी शाह यांच्याकडे सोपवण्यात आली.