मोळीचा भार आणि यंत्राची पकड



नगद नारायण महाराजांच्या वास्तव्याने पावन झालेल्या आणि वारकऱ्यांच्या मुखी 'धाकटी पंढरी' म्हणून रुळलेल्या या नारायणगडावर स्वागत समितीच्या वतीने मी आपणां सर्वांचे मनःपूर्वक स्वागत करतो. यंत्रमानव आणि माणूस यांच्या परस्परव्यवहाराचा विचार करणारी ही परिषद मुंबई-पुण्याच्या प्रशस्त सभागृहात न भरवता येथे भरवावी, असा आग्रह आम्ही का धरला, याचा खुलासा करणे माझे कर्तव्य आहे.

सुरुवात शब्दापासूनच करतो. 'रोबोट' हा शब्द चेक नाटककार कारेल चापेक यांच्या १९२० सालच्या 'आर. यू. आर.' या नाटकाने जगाला दिला. तो सुचवला त्यांचे बंधू योसेफ यांनी. आणि ज्या 'रोबोटा' शब्दापासून तो घडला, त्याचा अर्थ वेठ, म्हणजे जमीनदाराच्या शेतावर कुळाने सक्तीने करावयाचे काम, असा आहे. बोहेमियातील ती वेठ १८४८ साली कायद्याने संपली. निजामी अमदानीत वाढलेल्या आमच्या वाडवडिलांना मात्र या शब्दाचा अर्थ कोशात पाहावा लागत नव्हता. आणि मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ रक्कम घेऊन, दसरा-दिवाळीच्या सुमारास घराला कुलूप लावून ऊसतोडीसाठी साखर कारखान्याच्या मुलखाकडे निघणाऱ्या आमच्या नवराबायकोंना, ज्यांची हिशेबात 'एक कोयता' अशी नोंद होते, तो अर्थ आजही परका वाटणार नाही.

उसाच्या फडातले एक दृश्य मी लहानपणापासून पाहत आलो आहे. नवरा मणभर वजनाची मोळी उचलतो, बायको डोक्यावरची चुंबळ नीट करून खाली वाकते, आणि मोळी चुंबळीवर टेकली तरी तो हात काढत नाही. तिच्या मानेने भार पेलला, पाय स्थिरावले, हे त्याच्या तळव्यांना कळते आणि मगच बोटे सुटतात. दोघांत शब्दही बोलला जात नाही. हात नेमका केव्हा सोडावा, हाच प्रश्न आपल्या शास्त्रात मोठा मानला जातो, हे मला फार उशिरा समजले. कॅनडातील ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१२ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, माणसे एकमेकांच्या हाती वस्तू देताना पडणारा बोटांचा जोर मोजला. घेणाऱ्याने जितका भार उचलला, तितक्याच प्रमाणात देणारा पकड सैल करतो, आणि सगळा भार गेल्यावरही क्षणभर थोडी पकड राखून ठेवतो, असे त्यांना आढळले. वस्तू पडू न देण्याची जबाबदारी देणाऱ्याची! यंत्राच्या हाताला हे शिकवण्यासाठी प्रयोगशाळा राबतात. आमच्या फडात ते पहाटेच्या अंधारातही बिनचूक घडते.

म्हणून माझी विनंती अशी की, यंत्राचा आराखडा कागदावर उतरण्यापूर्वी संशोधकांनी एखादा हंगाम ऊसतोड्यांच्या टोळीच्या कोपीशेजारी, म्हणजे झोपडीशेजारी, काढावा. मुंबईच्या आय.आय.टी.तील 'ई-यंत्र' उपक्रमाने गावोगावच्या अभियांत्रिकी महाविद्यालयांतील मुलांच्या हाती यंत्रमानव दिला, याचे मोल मी जाणतो. त्या मुलांत ऊसतोड्यांची लेकरे वाढावीत, ही माझी आस आहे. तोडणीची अजस्र यंत्रे फडात उतरली आहेत. त्यांच्या पात्यांजवळ माणूस नकोच असतो, आणि ज्या घराची रोजी कोयत्यावर चालते त्या घराला त्यांची धास्ती वाटते, ती मला रास्त वाटते. माणसाला फडाबाहेर घालवणारे यंत्र आणि त्याच्या मानेवरचा भार उतरवून त्याच्या शेजारी उभे राहणारे यंत्र, यांत निवड करण्याचा अधिकार ज्यांची मान त्या भाराखाली झिजली त्यांना विचारल्यावाचून कोणी वापरू नये.

पाहुण्यांच्या निवासाची आणि पंगतीची तजवीज गडावर केली आहे. काही न्यून राहिल्यास क्षमा असावी. पुढच्या रांगेत बसलेल्या आमच्या मायबहिणींना एवढेच सांगतो की, दुपारी विद्यार्थी आपला यंत्रहात येथे मांडणार आहेत. तेव्हा संकोच न करता पुढे यावे, आणि मोळी डोक्यावर घेताना भार नेमका केव्हा पेलला जातो, ते त्यांना प्रत्यक्ष दाखवावे.