अथेन्स, जेरुसलेम आणि काशीचे नीळकंठशास्त्री

(पुरुषोत्तमनगर, जि. नंदुरबार येथील व्याख्यानाचे शब्दांकन)



पुरुषोत्तमनगरहून तापीकाठचे प्रकाशे फार दूर नाही. प्रकाशाला आपण दक्षिण काशी म्हणतो. आजचा विषय मूळ काशीत, एका मराठी घरात सुरू होतो आणि तेथून थेट ग्रीसमध्ये जातो. साखर कारखान्याच्या वसाहतीत ग्रीक तत्त्वज्ञान कशाला, असे कोणाच्या मनात आले असेल तर त्याने थोडा धीर धरावा.

नीळकंठशास्त्री गोऱ्हे यांचा जन्म १८२५ सालचा. घराणे चित्तपावन, वास्तव्य काशीत, अध्ययन संस्कृत शास्त्रांचे. १८३९ मध्ये जॉन म्यूर या स्कॉटिश अधिकाऱ्याने ‘मतपरीक्षा’ नावाचा ग्रंथ चक्क संस्कृत पद्यात प्रसिद्ध केला. गुरू-शिष्य संवादाचे रूप देऊन त्यात ख्रिस्ती मताचे मंडन आणि हिंदू मताचे खंडन केले होते. त्याला आपल्या पंडितांनी संस्कृतातच उत्तरे दिली. त्यातले सर्वांत सविस्तर उत्तर म्हणजे १८४४-४५ च्या सुमारास नीळकंठशास्त्र्यांनी लिहिलेला ‘शास्त्रतत्त्वविनिर्णय’. लिहिणारा जेमतेम वीस वर्षांचा होता. अल्प आयुष्यातल्या पापाला अनंत नरक हा न्याय कसा? पूर्वकर्म मानले नाही तर जन्मजात दुःखाची उपपत्ती काय? असे त्याचे रोखठोक प्रश्न होते.

आणि १४ मार्च १८४८ रोजी याच नीळकंठशास्त्र्यांनी जौनपूर येथे बाप्तिस्मा घेतला. ते नेहेम्या गोऱ्हे झाले. १८६० मध्ये त्यांचा हिंदी ग्रंथ ‘षड्दर्शनदर्पण’ प्रसिद्ध झाला. त्यात त्याच विद्वत्तेच्या बळावर सहाही दर्शनांचे खंडन होते. दोन वर्षांत त्याचे इंग्रजी भाषांतरही निघाले. हे धर्मांतर लोभाचे वा भयाचे होते असे म्हणण्यास कोणताही आधार नाही. ते एका प्रामाणिक पंडिताचे मतांतर होते. म्हणूनच ते अधिक गंभीरपणे पाहिले पाहिजे.

असा प्रवास जगात पहिल्यांदा घडत नव्हता. सतराशे वर्षांपूर्वी जस्टिन नावाचा एक तरुण सत्याच्या शोधात ग्रीक आचार्यांचे उंबरठे झिजवीत होता. पायथागोरसपंथी आचार्याने त्याला सांगितले, आधी संगीत, ज्योतिष आणि भूमिती शिकून ये. (अधिकारभेद केवळ आपल्याकडेच होता असे समजण्याचे कारण नाही.) अखेर प्लेटोच्या मतावरून तो ख्रिस्ती मतावर आला, पण तत्त्वज्ञाचा झगा त्याने उतरवला नाही. विश्वाला धारण करणाऱ्या बुद्धितत्त्वाला ग्रीक लोक ‘लोगोस’ म्हणत. योहानाच्या शुभवर्तमानाने हाच शब्द ख्रिस्तासाठी योजला; मराठी बायबलात त्याचे भाषांतर ‘शब्द’ असे होते. जस्टिनने त्यावरून सिद्धांत काढला की लोगोसचे बीज सर्व मानवांत पेरलेले आहे. म्हणून सॉक्रेटिस आणि हेराक्लिटस हेही, न कळत, ख्रिस्तीच. हे औदार्य खरे होते. पण त्याच्या अटी जस्टिननेच ठरवल्या होत्या. सॉक्रेटिसला आत घेतले, ते सॉक्रेटिस म्हणून नव्हे.

सर्व ख्रिस्ती आचार्यांना हे मान्य होते असे नाही. कार्थेजच्या टर्टुलियनने अथेन्स आणि जेरुसलेम यांचा संबंधच काय, असे विचारले. अलेक्झांड्रियाच्या क्लेमेंटने मात्र तत्त्वज्ञानाला ग्रीकांचा बालशिक्षक मानले: हात धरून ख्रिस्तापर्यंत पोहोचवायचे, मग त्याचे काम संपले. या क्लेमेंटच्या ग्रंथात बुद्धाचा नामोल्लेख सापडतो, हे जाता जाता सांगितले पाहिजे. पुढे इ.स. ३२५ मध्ये नायसिया येथील धर्मपरिषदेने पिता आणि पुत्र ‘एकसत्त्व’ आहेत असे ठरवले. त्यासाठी वापरलेला ग्रीक शब्द बायबलात कोठेही नाही. ख्रिस्ती श्रद्धेचा जो गाभा आज मानला जातो, तो सांगायलाही तत्त्वज्ञांची परिभाषा लागली.

एका जागी मात्र तडजोड झाली नाही. प्लेटोचा विश्वकर्मा आधीपासून असलेल्या द्रव्याला आकार देतो. जस्टिनला तेवढ्याने चालत होते. परंतु दुसऱ्या शतकाच्या अखेरीस अँटिऑकच्या थिओफिलसने ईश्वराने शून्यातून सृष्टी केली असे आग्रहाने मांडले आणि तेच मत कायम झाले. असतातून सत् निर्माण होत नाही, हे गीतेच्या दुसऱ्या अध्यायावर वाढलेल्या आपल्या मनाला सहज पटते. नैयायिकांचे परमाणू नित्य, सांख्यांची प्रकृती अनादी. ‘षड्दर्शनदर्पणा’त गोऱ्हे यांनी प्रहार केला तो नेमका या नित्यत्वावर, आणि वेदान्ताच्या मायावादावर. थिओफिलसने अँटिऑकमध्ये जी बाजू लढवली, तीच जवळजवळ सतरा शतकांनी एका मराठी शास्त्र्याने लढवली.

ओरिगेनची गोष्ट याहून बोलकी आहे. अलेक्झांड्रियाचा हा आचार्य तिसऱ्या शतकातला. एक मूल राजवाड्यात, दुसरे झोपडीत, तिसरे आंधळे का जन्मते, या प्रश्नाने तो बेचैन होता. ईश्वर न्यायी असेल तर हे भेद कशाचे? त्याने उत्तर दिले की जीव जन्मापूर्वीही असतात आणि त्यांनी पूर्वी केलेल्या निवडीचे हे फळ आहे. याला आपला पुनर्जन्म म्हणता येणार नाही, पण प्रश्न तोच आणि दिशाही ओळखीची. सर्व जीव अखेर ईश्वराकडे परततील, नरकही अनंत नाही, अशी आशाही त्याने मांडली. याच ओरिगेनने २४८ च्या सुमारास केल्सस या ग्रीक टीकाकाराचे खंडन लिहिले. केल्ससने ख्रिस्ती मतावर केलेली टीका आज स्वतंत्रपणे उपलब्ध नाही. ती वाचायची तर ओरिगेनने खोडून काढण्यासाठी दिलेल्या उताऱ्यांतूनच. पॉर्फिरीचा ख्रिस्ती मताविरुद्धचा ग्रंथ तर ४४८ मध्ये बादशाही आज्ञेने जाळण्यात आला.

५२९ मध्ये सम्राट जस्टिनियनने अथेन्समधील तत्त्वज्ञानाचे अध्यापन बंद पाडले. दमास्किउस आणि त्याचे सहकारी, एकूण सात तत्त्वज्ञ, इराणच्या खुस्रो राजाच्या आश्रयाला गेले. ५३२ च्या तहात खुस्रोने त्यांच्यासाठी कलम घालून घेतले की त्यांनी मायदेशी परतावे आणि त्यांच्या मतासाठी त्यांना कोणी छळू नये. ते परतले, अथेन्सची परंपरा मात्र पुन्हा उभी राहिली नाही. याच जस्टिनियनच्या कारकिर्दीत, ५५३ च्या परिषदेच्या वेळी, ओरिगेनच्या मतांचाही धिक्कार झाला. ग्रीकांशी सर्वांत जवळीक असलेला ख्रिस्ती आचार्य आणि ग्रीकांची शाळा, दोघांनाही एकाच राजवटीत दार बंद झाले.

येथे एकांगी बोलणे बरे नव्हे. प्लेटोचे ग्रंथ आज हाती आहेत ते ख्रिस्ती लेखनिकांमुळेच. ८९५ साली अरेथास या धर्माधिकाऱ्याने नकलून घेतलेले प्लेटोचे हस्तलिखित आजही अभ्यासकांचा आधार आहे. पण नकलणे वेगळे आणि त्या मताने जगणे, त्याच्या बाजूने उभे राहून वाद करणे वेगळे. ग्रंथ उरला, त्याचा वादी उरला नाही.

महाराष्ट्रात वादी उरले. १८३१ मध्ये मुंबईत मोरभट दांडेकरांनी जॉन विल्सन यांच्याशी वाद केला. १८५७ मध्ये विष्णुबावा ब्रह्मचारी मुंबईच्या समुद्रकिनारी मिशनऱ्यांना जाहीर उत्तरे देत होते आणि तो वाद दोन्ही बाजूंनी छापला गेला. राज्य परक्यांचे होते; पण जस्टिनियनसारखी पाठशाळा बंद करणारी आज्ञा निघाली नव्हती, आणि पाठशाळेत शिकणारे व शिकवणारे होते.

ज्यांनी मत बदलले त्यांचीही बुद्धी गहाण पडली नाही, याचे उदाहरण पंडिता रमाबाई. १८८३ मध्ये त्यांनी इंग्लंडमध्ये बाप्तिस्मा घेतला. त्या निर्णयामागे गोऱ्हे यांच्या लेखनाचा वाटा होता. पण नायसियाच्या परंपरेतून आलेला त्रैक्याचा सिद्धांत केवळ चर्च सांगते म्हणून स्वीकारायला त्यांनी नकार दिला आणि त्यावरून तेथील भगिनींशी त्यांचा दीर्घ पत्रव्यवहार झाला. गळ्यातल्या क्रूसावर लॅटिन अक्षरे का, लॅटिनमध्ये संस्कृतपेक्षा अधिक काय आहे, हाही त्यांचा प्रश्न होता. त्यांच्या निर्णयाशी मतभेद असणाऱ्यानेही ती पत्रे जरूर वाचावीत.

गोऱ्हे यांचा उत्तरकाळ बराचसा पुण्यात गेला. त्यांच्या मनातल्या शंका अखेरपर्यंत निमाल्या नाहीत, हे त्यांच्या चरित्रकारांनी नोंदवले आहे. १८९५ मध्ये मुंबईत त्यांचे देहावसान झाले. विशीतल्या नीळकंठशास्त्र्यांचा ‘शास्त्रतत्त्वविनिर्णय’ मात्र नष्ट झाला नव्हता. १९५१ मध्ये सदाशिव कात्रे यांनी तो संपादित करून उज्जैनच्या सिंधिया प्राच्य संस्थेच्या ग्रंथमालेत प्रसिद्ध केला. केल्ससचे म्हणणे ओरिगेनच्या पानांतून वेचावे लागते. येथे ‘शास्त्रतत्त्वविनिर्णय’ आणि ‘षड्दर्शनदर्पण’ शेजारी ठेवून, एकाच माणसाचे दोन्ही पक्ष त्याच्याच शब्दांत वाचता येतात.