साखळीचं वेळापत्रक



माळेगावच्या यात्रेतली कुस्ती असो, नाहीतर नायगाव-नरसीच्या बाजूला एखाद्या गावात भरलेली टेनिस बॉल क्रिकेटची स्पर्धा असो, आपल्याकडचा खेळ बहुतेक बाद पद्धतीनं चालतो. चिठ्ठ्या टाकायच्या, जोड्या लावायच्या, हरला तो घरी. पोरं सकाळी जीप करून येतात, दहा वाजता हरतात आणि मग दिवसभर दुसऱ्यांचे सामने बघत शेंगा खात बसतात, कारण जीपवाला संध्याकाळशिवाय निघत नाही.

व्यावसायिक फुटबॉल लीगमध्ये हरलेल्याची अशी सुटका नाही. आज सपाटून हरलात तरी पुढच्या आठवड्यात ठरलेल्या मैदानावर, ठरलेल्या वेळी उभं राहावंच लागतं. आपण याला साखळी सामने म्हणतो. ही साखळी कशी ओवतात, तिच्या तारखा कोण आणि कशा ठरवतं, हे आज सांगायचं आहे.

नायगावात बसून फुटबॉलची चौकशी कशाला, असं कुणी म्हणेल. तर त्यांच्यासाठी एक जुनी गोष्ट. मुंबईतली रोव्हर्स कप ही एकेकाळी देशातली मोठी स्पर्धा. १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षं ती हैदराबाद सिटी पोलिसांच्या संघानं जिंकली. त्या संघाचे प्रशिक्षक होते सय्यद अब्दुल रहीम. १९६२ साली जकार्ताच्या आशियाई खेळांत भारताला फुटबॉलचं सुवर्णपदक मिळालं तेव्हाचे प्रशिक्षकही तेच. त्या पाच वर्षांत आपला नांदेड जिल्हा हैदराबाद राज्यातच होता. तेव्हा तो कप आपल्याच राज्यात येत होता, असं म्हणायला हरकत नाही.

असो. रोव्हर्स कप बाद पद्धतीची. साखळीची कल्पना इंग्लंडातली, आणि ती निघाली वैतागातून. विल्यम मॅकग्रेगर नावाचे एक स्कॉटिश गृहस्थ बर्मिंगहॅममध्ये कापडाचं दुकान चालवायचे आणि अ‍ॅस्टन व्हिला क्लबचं काम बघायचे. तेव्हा क्लब आपसांत सामने ठरवायचे, पण एखाद्या क्लबचा कपचा सामना मध्ये आला की ठरलेला सामना रद्द. तिकीट काढायला आलेली माणसं माघारी. खेळाडूंना पगार तर द्यायचाच, मग गल्ल्यात काय येणार? मॅकग्रेगरांनी १८८८च्या मार्चमध्ये इतर क्लबांना पत्र लिहून सुचवलं की आपण काही क्लब मिळून दरवर्षी एकमेकांशी घरी आणि बाहेर खेळायचं, आणि ठरलेली तारीख मोडायची नाही. ८ सप्टेंबर १८८८ला १२ क्लबांची लीग सुरू झाली. जिंकल्यास किती गुण द्यायचे हे त्यांनी हंगाम सुरू झाल्यावर ठरवलं. तारखा मात्र आधी ठरवल्या होत्या, आणि माझ्या मते अक्कल तिथंच दिसते. पहिल्या वर्षी प्रेस्टन नॉर्थ एंड हा संघ २२पैकी एकही सामना न हरता पहिला आला.

हिशेब साधा आहे. १२ संघ, प्रत्येकाला ११ प्रतिस्पर्धी, प्रत्येकाशी दोनदा, म्हणून २२ सामने. एकूण सामने काढायचे तर संघांच्या संख्येला एकानं कमी संख्येनं गुणायचं. इंग्लंडच्या प्रीमियर लीगमध्ये २० संघ, म्हणून २० गुणिले १९, झाले ३८०. आपल्याकडची इंडियन सुपर लीग, म्हणजे आयएसएल, १२ ऑक्टोबर २०१४ला कोलकात्यात सुरू झाली तेव्हा आठ संघ होते. आठ सत्ते छप्पन्न. वर उपांत्य फेरीचे चार आणि अंतिम एक. ६१ सामन्यांत, २० डिसेंबरला सगळं आटोपलं. त्याला हंगाम म्हणायचं तर जरा जड जातं; दसरा-दिवाळीच्या आसपास येऊन गेलेली मोठी स्पर्धा होती ती. पुढे २०१७ साली दहा संघ झाले, २०२३ला बारा झाले, सामने १३२वर गेले आणि हंगाम पावसाळा सरल्यावर सुरू होऊन उन्हाळ्यापर्यंत चालू लागला.

आता वही-पेन घ्या. आपल्या तालुक्याचीच लीग मांडून बघू. सहा संघ धरा. वरच्या ओळीत डावीकडून लिहा नायगाव, नरसी, कुंटूर. त्यांच्या बरोबर खाली लिहा बरबडा, मांजरम, कृष्णूर. वरचा आणि खालचा, अशी जोडी. पहिल्या रविवारी नायगाव-बरबडा, नरसी-मांजरम, कुंटूर-कृष्णूर. दुसऱ्या रविवारसाठी नायगावला हलवायचं नाही. बाकी पाच जणांना घड्याळाच्या काट्याच्या दिशेनं एकेक घर पुढे सरकवायचं. बरबडा वर नरसीच्या जागी जाईल, नरसी कुंटूरच्या, कुंटूर खाली कृष्णूरच्या, कृष्णूर मांजरमच्या आणि मांजरम नायगावच्या खाली येईल. झाले सामने: नायगाव-मांजरम, बरबडा-कृष्णूर, नरसी-कुंटूर. असं सरकवत राहा. पाच रविवारांत प्रत्येक संघ प्रत्येकाशी एकदा खेळलेला असेल. पुढच्या पाच रविवारांत तेच सामने मैदानं उलटवून. दहा रविवार, ३० सामने. सोयाबीन निघून रब्बीची पेरणी झाली की सुरू करायचं आणि बारावीच्या परीक्षेआधी संपवायचं.

संघ सात असतील तर? मग एक नाव रिकामं ठेवायचं, आणि त्या रिकाम्या नावाशी ज्याची जोडी लागेल त्याला त्या रविवारी सुट्टी. आयएसएलमध्ये २०२०मध्ये ११ आणि २०२४मध्ये १३ संघ होते, तेव्हा दर फेरीत कुणीतरी एक असाच घरी बसायचा.

जोड्या लावणं झालं पोरखेळ. खरी डोकेफोड पुढे आहे, ती घरच्या मैदानाची. प्रत्येकाला वाटतं, एक रविवार आपल्या गावात, एक बाहेर, एक आपल्या गावात असं एकाआड एक यावं. ते न्यायाचं आहे, पण सगळ्यांना देता येत नाही. सहा संघांत जास्तीत जास्त दोघांनाच ते मिळू शकतं. का, ते बघा. समजा नरसी आणि कुंटूर, दोघांचाही क्रम घरी-बाहेर-घरी-बाहेर असाच आहे. मग ज्या दिवशी नरसी घरी, त्या दिवशी कुंटूरही घरी. ज्या दिवशी नरसी बाहेर, त्या दिवशी कुंटूरही बाहेर. मग हे दोघे एकमेकांशी खेळणार कधी? एकाआड एक असे क्रम दोनच होतात, एक घरापासून सुरू होणारा आणि एक बाहेरून. ते दोघांना दिले की संपले. बाकी चौघांना कधी ना कधी लागोपाठ दोनदा घरी किंवा लागोपाठ दोनदा बाहेर जावंच लागतं. त्यामुळे वेळापत्रक लागलं की 'आमच्यावर अन्याय झाला' असं म्हणणारा कुणीतरी असतोच, आणि त्याचं म्हणणं थोडंफार खरंही असतं. वेळापत्रक करणाऱ्यानं एवढंच बघायचं की लागोपाठ तीनदा कुणाला बाहेर जावं लागू नये.

त्यात मैदानं सामाईक असतात. कोलकात्यात मोहन बागान आणि ईस्ट बंगाल दोघांचंही घर सॉल्ट लेक स्टेडियम. एक घरी असेल तेव्हा दुसऱ्याला बाहेरच पाठवावं लागतं. मुंबई सिटीचं मैदान अंधेरीला, पण २०२३मध्ये आशियाई चॅम्पियन्स लीगचे त्यांचे घरचे सामने पुण्यात बालेवाडीला आणि नवी मुंबईत झाले. सौदी अरेबियाचा अल हिलाल हा बलाढ्य संघ नव्या मुंबईला येऊन खेळून गेला. असा आशियाई सामना आठवड्याच्या मध्ये आला की त्याच्या आगेमागे लीगचा सामना ठेवता येत नाही. शिवाय फिफाच्या राखीव तारखा असतात. त्या दिवसांत खेळाडू देशाच्या संघाकडे सोडावेच लागतात, तेव्हा लीग थांबते. गणपती, दुर्गापूजा, निवडणूक, म्हणजे जिथं जिथं पोलीस दुसरीकडे गुंतलेले, तिथं सामना सरकतो. आणि टीव्हीवाल्यांना संध्याकाळी साडेसातची वेळ हवी असते, ती गोष्ट वेगळीच.

या सगळ्याचं फळ गुणतक्त्यात दिसतं. विजयाला तीन गुण, बरोबरीला एक. पूर्वी विजयाला दोनच असायचे. इंग्लंडनं १९८१ साली तीन केले, कारण बरोबरीवर समाधान मानून बचाव करत बसणारे संघ वाढले होते. आयएसएलमध्ये २०१९-२० पासून साखळीत पहिला येणाऱ्याला शिल्ड मिळू लागली, म्हणजे ढाल. त्यानंतर वरच्या संघांत बाद सामने व्हायचे, त्यांच्या विजेत्याला चषक. युरोपातल्या मोठ्या लीगमध्ये पहिला आला तोच विजेता, विषय संपला. आपल्याकडे २०२४-२५ पर्यंत दोन बक्षिसं होती. मला विचाराल तर ढाल मोठी. सहा-सात महिने प्रत्येकाशी घरी आणि बाहेर खेळून ती मिळायची.

पण प्रेक्षकाला रंगत कशात येते, ते २०२४ साली दिसलं. १५ एप्रिलला साखळीतल्या शेवटच्या सामन्यांपैकी एक, सॉल्ट लेकवर, मोहन बागान विरुद्ध मुंबई सिटी. मुंबईचे ४७ गुण, बागानचे ४५. मुंबईला नुसती बरोबरी पुरणार होती. मुंबई २-१ अशी हरली. बागान ४८वर गेले, एका गुणानं ढाल त्यांची. मग बाद सामने झाले आणि ४ मे रोजी अंतिम सामना, मैदान तेच, समोर तेच मोहन बागान. पहिला गोल बागानचा. मध्यंतरानंतर मुंबईनं तीन केले आणि ३-१ असा चषक घेऊन आले. एकाच वर्षी, एकाच मैदानावर, तीन आठवड्यांच्या अंतरानं दोघांचंही समाधान. त्या संध्याकाळी कोलकात्यात मुंबईला टाळ्या किती मिळाल्या असतील, याचा अंदाज करा.

आता एक बोचरी बाजू. इंग्लंडात तळाचे तीन संघ दरवर्षी खालच्या श्रेणीत जातात आणि खालचे तीन वर येतात. त्यामुळे एप्रिल-मेमध्ये तक्त्याच्या तळालाही पहिल्या क्रमांकाइतकीच मारामारी असते. आयएसएलमध्ये खालून वर येणं २०२३ला सुरू झालं. खालच्या श्रेणीतली आय-लीग जिंकून पंजाब एफसी वर आला, पुढच्या वर्षी मोहम्मडन स्पोर्टिंग. पण २०२५ पर्यंत शेवटचा आला म्हणून खाली कुणी गेलं नाही. इथं तोवर संघ खाली जात नव्हते, गाव सोडून जायचे. एफसी पुणे सिटी हा आपल्या राज्यातला दुसरा संघ. २०१९मध्ये तो बंद पडला आणि त्याच्या जागी हैदराबाद एफसी आला. नायगावहून देगलूरमार्गे एसटीनं सकाळी निघून संध्याकाळचा सामना बघता यावा, असा हा एकच क्लब होता. पहिल्याच वर्षी तळाला. २०२१-२२ला मात्र चषक जिंकला! आणि नशीब बघा, करोनामुळे तो सगळा हंगाम गोव्यात खेळवला गेला. फातोर्डा, वास्को आणि बांबोळी, तीन मैदानांवर सगळ्यांचे सामने. वेळापत्रकात 'घरचा सामना' लिहिलेला असायचा, पण हैदराबादच्या माणसाला आपला विजेता संघ त्या वर्षी एकदाही आपल्या गावात बघायला मिळाला नाही. २०२५च्या ऑक्टोबरात तो क्लबही दिल्लीला गेला, नावही बदललं. पुण्याहून हैदराबाद, हैदराबादहून दिल्ली.

त्याच वर्षी तर वेळापत्रकच निघालं नाही. अखिल भारतीय फुटबॉल महासंघ आणि लीग चालवणारी कंपनी यांच्यातला २०१०चा पंधरा वर्षांचा करार डिसेंबर २०२५मध्ये संपत होता. पुढे पैसा कोण घालणार, हे ठरेना. सप्टेंबर गेला, दिवाळी गेली, खेळाडू सराव तरी कशासाठी करावा असं विचारू लागले. मॅकग्रेगरांना १८८८ला जी अडचण होती, ती आपल्यापुढे १३७ वर्षांनी उभी राहिली. अखेर जानेवारी २०२६मध्ये केंद्रीय क्रीडामंत्र्यांनी जाहीर केलं की १४ फेब्रुवारीपासून १४ क्लबांची लीग होईल, आणि प्रत्येकाशी दोनदा खेळायला वेळ उरलेला नसल्यामुळे सामना एकदाच होईल.

१४ गुणिले १३ भागिले दोन, म्हणजे ९१ सामने. प्रत्येकाला १३. तेरा ही विषम संख्या आहे. घरचे सामने वाटायचे तर सात क्लबांना सात आणि उरलेल्या सातांना सहाच येतात. कुणाला सात द्यायचे आणि कुणाला सहा, याचं उत्तर गुणाकारात नाही, ते वेळापत्रक करायला बसलेल्या माणसालाच ठरवावं लागतं.