कल्याणचा खजिना आणि गावचा इतिहासकार



कोन गावातून खाडीपलीकडे पाहिले की दुर्गाडी किल्ला दिसतो. १६५७ मध्ये शिवछत्रपतींनी कल्याण आणि भिवंडी आदिलशाहीकडून घेतली व स्वराज्य सागराला भिडले. अशा भूमीचा इतिहास लिहिणाऱ्याने हाती कॅमेरा घेतला, तर धडा कोणाकडून घ्यावा? कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांकडून.

१९१८ मध्ये बाबूरावांनी देशी कॅमेरा सिद्ध केला. १९२० चा ‘सैरंध्री’, १९२३ चा ‘सिंहगड’ आणि १९२४ चा ‘कल्याण खजिना’ ही त्या साधनेची फळे. ‘कल्याण खजिना’ लंडनच्या वेंब्ले प्रदर्शनात गौरविला गेला. कल्याणच्या सुभेदाराच्या सुनेला महाराजांनी सन्मानाने परत पाठविले, ही घरोघरी ठाऊक असलेली कथा त्यात होती.

येथेच इतिहासकाराची कसोटी लागते. समकालीन साधनांत या कथेला आधार मिळत नाही. हे ऐकून अनेक शिवभक्त दुखावतात. पण दुखावण्याचे कारण नाही. महाराजांचा पराकोटीचा द्वेष करणाऱ्या खाफीखानानेच, स्त्रियांची विटंबना होऊ नये असा त्यांचा कडक दंडक होता, हे लिहून ठेवले आहे. शत्रूच्या लेखणीतली ही साक्ष दंतकथेहून कितीतरी भक्कम आहे. आरमाराचेही तसेच. भिवंडी, कल्याण, पनवेल येथे शिवाजी लढाऊ जहाजे बांधतो आहे, ही धास्ती १६५९ मधील पोर्तुगीज पत्रव्यवहारात उमटली आहे.

बाबूरावांनी कथा कथा म्हणून रंगविली; कलावंताला तो अधिकार आहे. गावचा इतिहासकार चित्रपट काढतो तेव्हा मात्र कथा कोणती आणि कागद कोणता, हे पडद्यावर वेगळे दिसलेच पाहिजे. आणि त्याने त्वरा करावी. बाबूरावांचे बहुतेक मूकपट आज पाहावयास मिळत नाहीत. कॅमेऱ्याने टिपलेलेही नष्ट होते, मग न टिपलेल्याची काय कथा!

खाडीकाठच्या आगरी-कोळी घरांतील वृद्धांना होडीच्या एकेका भागाचे नाव विचारावे, ते त्यांच्याच बोलीत मुद्रित करावे. दुर्गाडीचे चित्रण एकदा ओहोटीला आणि एकदा पूर्ण भरतीला करावे, म्हणजे पाणी कोठवर चढते ते पाहणाऱ्याला दिसेल.