फिरता चषक



क्रीडालेखकांच्या या संमेलनाच्या अध्यक्षाने कबड्डीवर किंवा खो-खोवर चार शब्द बोलावेत, एवढीच आयोजकांची माफक अपेक्षा होती. मी बोलणार आहे बर्फावरच्या हॉकीवर, त्यातही बंद पडलेल्या एका संघटनेवर. आपण सगळे सामन्यांवर लिहितो. सामने भरवणाऱ्यांवर कोणी लिहीत नाही. क्रीडापान सांभाळताना मीही कधी लिहिलं नाही. तेव्हा हे थोडं प्रायश्चित्तही समजा.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतली कॉलेजची पोरं बर्फावर चेंडूने पोलो खेळत. १८९४-९५च्या हिवाळ्यात त्यांच्यातले काही जण कॅनडात खेळून आले. त्यांतला माल्कम चेस हा खरा टेनिसपटू. तिथली चपटी चकती त्यांना अशी आवडली की चेंडू मागेच पडला. १८९६ साली बाल्टिमोरला येल आणि जॉन्स हॉपकिन्स समोरासमोर आले. सामना २-२ असा बरोबरीत सुटला. मग शतक पालटता पालटता इंटरकॉलेजिएट हॉकी असोसिएशन उभी राहिली. येल, प्रिन्स्टन, कोलंबिया, ब्राऊन, हार्वर्ड आणि पुढे डार्टमथ, कॉर्नेल अशी बडी नावं तिच्यात होती.

नावं बडी, पण बर्फ कुठे होता? प्रिन्स्टनच्या पोरांकडे कार्नेगी सरोवर होतं. थंडी कडक पडली तर सराव, नाहीतर काठावर उभं राहून पाण्याकडे बघायचं. १८९६ साली न्यूयॉर्कमध्ये सेंट निकोलस रिंक उघडली होती. तिथला बर्फ यंत्राने गोठवलेला, म्हणजे हवामानाच्या लहरीवर नसलेला. त्यामुळे प्रिन्स्टनचे ‘घरचे’ सामनेसुद्धा न्यूयॉर्कला होत. तेव्हा एका बाजूला सात खेळाडू असत. सात खेळाडू, त्यांच्या काठ्या, आगगाडीचं भाडं आणि परक्याचा बर्फ, असा हा सगळा संसार. १९११मध्ये बीबी तलावावर सराव करणाऱ्या कॉर्नेलने दहाच्या दहा सामने जिंकून विजेतेपद मिळवलं, आणि पहिलं महायुद्ध सुरू होण्याआधीच संघटनेचा कारभार आटोपला.

का आटोपला? माझं अनुमान सांगतो, पटलं तर घ्या. १९१०मध्ये बॉस्टन अरीना उघडली आणि हार्वर्डला दाराशी पक्का बर्फ मिळाला. ज्याच्या दाराशी विहीर आली, तो सार्वजनिक आडावर कशाला येईल? हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टन आपसातल्या मालिकांत रमले. उरलेल्यांचं वेळापत्रक कोणी लावायचं, हा प्रश्न मग उरलेल्यांचाच.

त्या काळातला होबी बेकर मात्र सगळ्यांना ठाऊक आहे. प्रिन्स्टनचा हा देखणा खेळाडू १९१८च्या डिसेंबरमध्ये, युद्ध संपल्यावर, फ्रान्समध्ये विमान कोसळून गेला. १९२३ साली प्रिन्स्टनने स्वतःची रिंक बांधली, तिला त्याचं नाव दिलं. कॉलेज हॉकीतल्या सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कारही त्याच्याच नावाचा. ज्या पोरांनी पत्रं लिहून, वर्गणी जमवून सामने लावले, त्यांच्या नावाची साधी पाटीही माझ्या पाहण्यात नाही.

हे मला सुचलं ते मुलामुळे. तो अमेरिकेत शिकताना कॉलेजच्या क्लब संघाचा खजिनदार होता. क्लब संघ म्हणजे विद्यापीठाचं नाव छातीवर आणि खर्च बराचसा स्वतःच्या खिशातून. रिंकचं भाडं तासावर. रात्री स्वस्त, म्हणून सराव सव्वाअकराला. मी एकदा गेलो होतो. बर्फ घासून पाणी सोडणारं यंत्र फिरत होतं आणि आमचे चिरंजीव बाकावर बसून, हातमोजे काढून, कोणी किती दिले ते वहीत मांडत होते. बोटं लाल झाली होती. एकाचे चाळीस डॉलर बाकी होते. तो गोलरक्षक, त्यामुळे त्याला घरी पाठवायची सोय नव्हती.

अशा क्लब संघांचे सामने भरवणारी त्यांची संघटनाही पुढे बंद पडली. कसला गाजावाजा नाही. दोन-तीन पदाधिकारी पदवी घेऊन नोकरीला लागले, बस्स. शेवटच्या वर्षीचा फिरता चषक आमच्या पोराच्या संघाकडे होता. विजेत्याचं नाव कोरायचा खर्च कोणी द्यायचा, हे ठरायच्या आतच संघटना संपली, म्हणून तेवढी पट्टी कोरी आहे. तो चषक आता माझ्या मुलाच्या गॅरेजमध्ये, बर्फ उपसायच्या फावड्याशेजारी आहे. परत करायचा, तर कोणाला? अमेरिकेतून आलेले दोघे-तिघे समोर दिसताहेत. कोणाला ठाऊक असेल, तर जेवणाच्या सुट्टीत मला जरूर भेटा.