मानाचे पान चिचुंद्रीएवढ्या पाहुण्याला



विदर्भाने मिरवावा असा मोठा प्राणी हवाच असेल, तर चंद्रपूर जिल्ह्यातल्या डोंगरगावचा आयसिसॉरस आहे. पण त्या डायनासोरचे कोडकौतुक करणारे पुष्कळ आहेत. नागपुरातल्या या परिषदेच्या स्वागत समितीने मानाचे पान मांडले आहे ते चिचुंद्रीएवढ्या ‘डेक्कनोलेस्टिस हिस्लॉपी’साठी.

तो सापडला तेलंगणातल्या नासकलला. जी. व्ही. आर. प्रसाद आणि अशोक साहनी यांनी १९८८ मध्ये ‘नेचर’मधून त्याची ओळख करून दिली. भारतातला क्रिटेशस काळातला हा पहिलाच सस्तन प्राणी. पुरावा काय, तर जेमतेम मिलिमीटरभराचे दात! असे दात हातोड्याने मिळत नाहीत. गाळाचा दगड भिजवून फोडायचा, बारीक चाळणीतून धुवायचा आणि उरलेला चोथा सूक्ष्मदर्शकाखाली कण-कण करून निवडायचा. डोळे शिणवणारे काम. फोटो काढून घ्यावा असे त्यात काहीच नाही. दातांच्या टोकदार उंचवट्यांवरून तो किडे खाणारा ठरला. पुढे घोट्याची हाडे मिळाली, आणि १९९४ मध्ये तो झाडावर चढणारा असावा असे अनुमान निघाले.

मग नागपूरचा संबंध कुठे? नावात.

स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी १८४५ मध्ये इथे आले. धर्मप्रसारात त्यांना किती यश आले ते बाजूला ठेवू. दगड मात्र त्यांना वश झाले. सुमारे सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी दख्खनचा लाव्हा थांबून-थांबून वाहत होता. मधल्या विसाव्यात तळी साचत, त्यांत गाळ बसे आणि त्यावर पुन्हा लाव्हा येई. जवळच्या टाकळीला अशाच थरांतून हिस्लॉप यांनी गोगलगायी, फळे, बिया, भुंग्यांचे पंखसुद्धा वेचले. नासकलचे दात याच जातीच्या थरांतले. १८६३ मध्ये टाकळघाटाजवळ बुडून हिस्लॉप यांचा मृत्यू झाला. शहरात त्यांच्या नावाचे कॉलेज आहे हे सगळ्यांना ठाऊक. प्राणीही आहे हे फार थोड्यांना.

परिषदेला आलेल्या शिक्षकांना समितीची एकच विनंती आहे. गावाजवळच्या खाणीत काळ्या कातळाच्या दोन थरांमध्ये शंख-शिंपल्यांचा फिकट पट्टा दिसला, तर जागा आणि तारीख टिपून ठेवा, फोटो काढा आणि खडी होण्याआधी जवळच्या विद्यापीठाच्या भूशास्त्र विभागाला कळवा.